एकशेबारावं पान

पुस्तकातली खूण एकवीस दिवस एकशेबाराव्या पानावरच होती. निवृत्त न्यायमूर्ती असलेल्या माझ्या वडिलांना, अण्णांना, हल्ली अक्षरं दिसत नसत. बंगळुरूतल्या मल्लेश्वरमच्या घरी रोज संध्याकाळी मी त्यांना सतराव्या शतकातल्या एका स्कॉटिश न्यायाधीशाचं चरित्र वाचून दाखवायचे. त्या पानावर राजानं त्याला मंत्रिपदासाठी बोलावलं होतं. तिथे आलं की अण्णा म्हणत, “बस, दमलो.” तीन आठवड्यांपूर्वी एका राजकीय पक्षानं त्यांनाही उमेदवारी देऊ केली होती, उत्तर आज द्यायचं होतं. “अण्णा, बिचारा तीन आठवडे राजाच्या दारात ताटकळतोय,” मी म्हटलं. “सोडू आत?” “दोनदा वाचलंय मी पूर्वी,” अण्णा म्हणाले. “ आत जातो. मंत्री होतो. मग लोक त्याचे जुने निकाल काढून बघतात, कुणाच्या सोयीचे होते ते.” पक्षाचा फोन आला. अण्णांनी चाचपडत पुस्तकातली खूण काढली आणि फोन घेतला. “मी निवडणूक लढवणार नाही.”