उजवा कळा

"बसा मास्तरानू. उभे कित्याक?" बाबली गुरवाने पडवीतली चटई पायानेच पुढे सारली.

सुशांत परुळेकर बसला नाही. येताना तो बाजारातला रस्ता टाळून खाडीकडच्या पाणंदीने आला होता. तो हायस्कुलात विज्ञान शिकवायचा आणि वाचनालयाचा कार्यवाह होता. देवीचा कौल म्हणजे गुरवाच्या हाताचा खेळ, असं त्याने पेपरात स्वतःच्या नावाने लिहिलं होतं. कौलाच्या आदल्या संध्याकाळी तोच गुरवाच्या दारात दिसला असता, तर गावात तोंड दाखवायची सोय उरली नसती.

"सरपंच शिवा तारी काय ऐकत नाय," तो म्हणाला. "पर्यटकांच्या गाड्यांका जागा व्हयी, वाचनालय पाडूया म्हणता. पुस्तकां खंय ठेवची, तर म्हणे गोदामात."

"जमीन देवीची. देवी सांगात ता."

"तेच्यासाठीच इलंय."

अंगणात कोंबडी माती उकरत होती. सुशांत तिच्याकडेच बघत राहिला.

देवीच्या पाषाणावर उजवीकडे एक आणि डावीकडे एक असे दोन कळे, म्हणजे फुलांच्या कळ्या, पाण्याने चिकटवून लावायचे. उजवा आधी पडला तर होकार, डावा पडला तर नकार. गावाचं कुठलंही मोठं काम असंच ठरत आलेलं. मागच्या वर्षी सुशांतने वाचनालयातच सभा घेऊन जांभ्या दगडावर दोन कळे लावून दाखवले होते. एक भिजवून घट्ट दाबलेला, दुसरा जवळजवळ कोरडा. कोरडा आधी पडेल म्हणाला आणि तो पडला. लोक हसले होते. सगळ्यात मोठ्याने सुशांतच.

"उजवो कळो," तो आता म्हणाला, "जरा सुको लावशीत?"

बाबलीने पानाची पिंक अंगणाबाहेर टाकली. "त्या दिवशी मी मागे दाराकडे उभो होतंय. बरो दाखवलास तुमी प्रयोग."

सुशांतचे कान तापले.

"लाजू नकात हो. तुमचो आजो नाय लाजलो. तो पण असोच सांजचो इल्लो, माझ्या आज्याकडे."

"कित्याक?"

"ह्याच कामाक. वाचनालय आसा थंय आमचा घर होता. देवीन उजवो दिल्यान. आमी हय खाड्येर इलाव." बाबली आत गेला, पाण्याचा तांब्या घेऊन आला. "पाणी घेवा."

*

मसुदा, वाचनालयाच्या स्मरणिकेसाठी:

*इमारतीची जागा गुरव कुटुंबाने आनंदाने दिली.*

हे वाक्य आजोबांच्या काळापासून प्रत्येक भाषणात होतं. गेल्याच आठवड्यात सुशांतने ते पुन्हा टाइप केलं होतं. घरी येऊन त्याने 'आनंदाने' काढलं.

*इमारतीची जागा गुरव कुटुंबाने दिली.*

मग 'दिली' काढलं.

*इमारतीची जागा गुरव कुटुंबाने*

पुढे काही सुचेना. ते वाक्य तसंच उघडं ठेवून तो उठला. खाडीवर परत जावं, सांगावं, बाबली, मघाशी बोललो ते विसर, नीट लाव, दोन्ही सारखे लाव. चपला पायात घालून तो अंगणापर्यंत गेलाही. तिथून वाचनालयाचा दिवा दिसत होता. परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या मुली अजून बसल्या होत्या, ग्रंथपाल सारिका त्यांच्यासाठी थांबली होती.

तो आत आला आणि चपला काढल्या.

*

देवळात मोबाइल खिशात ठेवायला सांगितले होते. बाबलीने कळे लावले, मागे सरला आणि गाऱ्हाणं घातलं.

"माये, तुझ्या जागेर वाचनालय ऱ्हवाचा आसात, तर उजवो दी. नाय तर डावो दी."

"होय म्हाराजा," गाव म्हणालं.

सुशांतही म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदा. आवाज फुटला नाही, ओठ तेवढे हलले.

सारिका डोळे मिटून उभी होती. शिवा तारी खांबाला टेकून होता. सुशांत मात्र उजव्या कळ्याकडे बघत होता, परीक्षेत चोरून आणलेला कागद बाकाखाली धरून बसावं तसा. समईची ज्योत हलली की त्याला वाटे, पडला. मग दिसे, अजून आहेच.

उजवा पडला.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. देवीपुढे तशी पद्धत नाही. शिवाने हात जोडले, कपाळ जमिनीला टेकवलं आणि कसलाही वाद न घालता बाहेर आला. कौल मिळाल्यावर कुणी वाद घालत नाही. चपला शोधता शोधता तो एवढंच म्हणाला, "मास्तरानू, आता पेपरात काय लिवतलास?"

लोक हसले. सुशांतही हसला.

सारिकाचे डोळे भरून आले होते. "सर, तुमी देवळात इलास ना, म्हणान झाला," ती म्हणाली. सुशांतने मान खाली घातली. ती त्याला नम्र समजली.

देऊळ रिकामं होईपर्यंत तो सभामंडपात थांबला. बाबली गाभाऱ्यात पाठमोरा बसला होता. पाषाण पुसायचं फडकं त्याच्या हातात होतं, पण तो पुसत नव्हता.

"बाबली," सुशांत हळू आवाजात म्हणाला, "तुझे उपकार झाले. तुझ्या आज्याचा स्मरणिकेत सगळा खरा लिवतंय. आणि ह्या... ह्या कुणाक कळूचा नाय."

बाबलीने वळून पाहिलं नाही.

"उजवो मी भिजवन घट दाबलेलंय, मास्तरानू," तो म्हणाला. "सुको लावलंय तो डावो."