हातच पुरेत

मुलगी लघुपट करायची. गोष्ट नसलेले, नुसते स्पर्शाचे आणि आवाजाचे. या खेपेला तिनं आपल्या सुतार वडिलांचं काम आठवडाभर टिपलं: रंधा, ढलप्या, तळहातावरचे घट्टे. वडील रोज दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून कामाला बसायचे. "अगं, माझा चेहरा कधी घेणार?" "चेहरा आला की गोष्ट येते, बाबा. हातच पुरेत." ते हसून रंधा मारायला लागायचे. लघुपटाचं कौतुक झालं. महिन्याभरात वडील झोपेतच गेले. "लग्नातला सोडला तर यांचा एक धड फोटो नाही गं," आई म्हणाली. "तुझ्याकडे असेलच की." तिनं सगळं चित्रीकरण पालथं घातलं. एकाच ठिकाणी ते कॅमेऱ्यासमोर वाकले होते, तिच्यासाठी पाण्याचा पेला घेऊन. चेहरा पुसट आला होता. मागून तिचाच वैतागलेला आवाज येत होता, "बाबा, मध्ये येऊ नका ना!"