बिनतोड

श्रीरंगने चेंडू तीनदा जमिनीवर आपटला. कारकिर्दीतला शेवटचा सामना हातचा गेल्यातच जमा होता. पण आणखी एक बिनतोड सर्व्हिस पडली की हजार पुऱ्या होणार, हे प्रेक्षकांनाही ठाऊक होतं.

खांद्यातून कळ गेली. चेंडू रडतखडत जाळीपलीकडे पोचला आणि ओजसच्या अगदी हाताशी उसळला. एकोणीस वर्षांचा ओजस जागचा हलला नाही. टाळ्यांचा कडकडाट झाला. वेगाच्या पाटीवर आकडा आला, ब्याण्णव. असला चेंडू शाळकरी पोरंही फटकावतात.

सामना संपल्यावर जाळीपाशी श्रीरंगने हळूच विचारलं, "दिसला नाही का रे चेंडू?"

ओजस वाकून पाया पडला. "असू द्या, सर."

सकाळपर्यंत तो त्याला 'ए दादा' म्हणत होता.