बाहेर पडलेली आई

मुलीनं तक्रार नोंदवली, म्हणून नेटवाला आईच्या घरी आला. मायलेकी दोन वेगळ्या शहरांत राहून एकाच टीममधून लढाईचा ऑनलाइन गेम खेळायच्या आणि ऐन रंगात आलेल्या मॅचमधून आई दर वेळी बाहेर फेकली जायची.

त्यानं वायर बदलली, स्पीड तपासला. सगळं ठणठणीत.

"काकू, जरा खेळून दाखवा बरं."

काकूंनी मुलीला गेममध्ये बोलावलं, चष्मा चढवला आणि बघता बघता दोघांना आडवं केलं. मॅच रंगात आली तसा त्यांचा हात सवयीनं शेजारच्या राउटरकडे गेला आणि त्यांनी बटण बंद केलं. लगेच मोबाइल वाजला.

"आई, पडलीस ना बाहेर? राउटर बंद करून चालू कर. दिवे लागेपर्यंत मी आहे फोनवर. जेवलीस का?"

"जेवले गं. तुझा खोकला कसा आहे?"

खोकल्यावरून गाडी मुलीच्या खडूस घरमालकिणीवर गेली. मग दिवे लागले, काकू मॅचमध्ये परतल्या आणि फोन बंद झाला. तेव्हा कुठे त्यांना नेटवाल्याची आठवण झाली.

"खेळताना ती 'आई, वाक' नाहीतर 'आई, पळ' एवढंच बोलते हो," त्या म्हणाल्या.

संध्याकाळी मुलीनं त्याला फोन केला. "दादा, सापडला का फॉल्ट?"

"सापडला ताई, पण तो निघायचा नाही. आणि राउटर चालू व्हायला आता जरा जास्तच वेळ लागेल. तोवर फोन ठेवू नका."