पुढचं लाव

कुठेही पूर आला की वृत्तवाहिनीवर बाईंचं कित्येक वर्षांपूर्वीचं रडणं लागायचं. गुडघाभर पाण्यात उभ्या राहून त्या लेकीच्या नावाने हंबरडा फोडतायत आणि खाली पट्टी, 'पुराने लेक हिरावलेली आई'. यंदाही ते लागलं, तेव्हा बाईंनी पायात चपला सरकवल्या आणि थेट वाहिनीचं ऑफिस गाठलं.

पडद्यावरचा चेहरा समोर पाहून संकलक खुर्चीतून उठलाच. "मावशी, किती त्रास होत असेल तुम्हाला. काढून टाकतो आम्ही ते."

"काढू नकोस. पुढचं लाव."

"पुढचं?"

"तुमचा कॅमेरावाला नंतरही तिथेच उभा होता."

सगळे वर्षानुवर्षं तोच कापून ठेवलेला तुकडा वापरत होते. संकलकाने संग्रहातलं मूळ चित्रण शोधून लावलं. रडणं संपलं आणि होडी आली. होडीतून चिंब भिजलेली एक मुलगी उतरली. बाईंनी आधी तिच्या पाठीत दोन धपाटे घातले, मग तिला असं कवटाळलं की होडीवालाही हसायला लागला.

संकलक ओशाळला. "पण मावशी, हे दाखवलं तर पुराच्या बातमीत दुःख कुठे उरतं?"

"ते तुमचं तुम्ही शोधा. हे दाखवल्याशिवाय मी इथून हलणार नाही." बाईंनी खुर्ची ओढली आणि दाराबाहेर थांबलेल्या तरुणीला हाक मारली, "आत ये गं, बस. तू जिवंत आहेस हे यांना आत्ताच कळलंय."