उपटू नये अशी अळंबी

“टोपीखाली काय असतं?” मनोहरकाकांनी विचारलं.

अमेयच्या तोंडात पोहे होते. घास गिळून तो म्हणाला, “काटे. बारीक, मऊ. बाकीच्या अळंब्यांना टोपीखाली पापुद्रे असतात, हेजहॉग मशरूमला काटे असतात. त्यामुळे ती ओळखायला सोपी. खायलाही छान.”

“आणि ही अळंबी तुमच्या काँडो सोसायटीच्या बागेत उगवते.”

“हो काका. बुओना व्हिस्टाची हवाच तशी आहे.”

बुओना व्हिस्टाच्या हवेत काय उगवतं, याची अमेयला सुतराम कल्पना नव्हती. बाबांनी पुण्यात जन्मभर वनस्पतिशास्त्र शिकवलंय, अळंबीचा विषय निघाला की ते विरघळतात, एवढं निशिगंधानं त्याला सांगितलं होतं. मग त्यानं एमआरटी मेट्रोत एक व्हिडिओ पाहिला, आणि पोह्यांची दुसरी बशी येईपर्यंत त्याची जीभ घसरली होती.

काका पुण्याहून परदेशी येऊन निशिगंधाच्या मरीन परेडच्या फ्लॅटवर उतरले होते, ते मुलगा बघायला. याआधीच्या मुलाला त्यांनी कारल्यावरून नाकारलं होतं. कारलं आवडतं म्हणाला, काकांनी ते वाढलं, आणि त्यानं ते रुमालात लपवलं.

“उद्या दाखवा,” काका म्हणाले. “अळंबी दिसली तर माझा होकार. नाही दिसली तर नकार. खोटं बोलणाऱ्याला मी मुलगी देत नाही. हा माझा शब्द.”

“बाबा, ह्याला नाही म्हणालात ना,” निशिगंधा म्हणाली, “तर मी रजिस्टर लग्न करीन. आणि तुम्हाला फोटोसुद्धा पाठवणार नाही.”

काकांचा कप ओठांपाशीच थांबला. पण शब्द देऊन झाला होता.

लिफ्टपर्यंत सोडायला आलेल्या निशिगंधानं हळूच विचारलं, “खरंच उगवते?”

“उगवेल,” अमेय म्हणाला.

ऑर्चर्ड भागातल्या एका महागड्या सुपरमार्केटमध्ये फ्रान्सहून आलेली हेजहॉग मिळाली. काउंटरवरच्या बाईनं खोक्याकडे पाहिलं, मग अमेयकडे पाहिलं. “इतके दिवस कोणी बघत नव्हतं. आज काय झालंय सगळ्यांना?” अमेयनं ऐकलं न ऐकल्यासारखं केलं. त्याचं लक्ष शेजारच्या टूथपिकच्या डबीकडे होतं.

फटफटलं तसा तो बागेत उतरला. मोठ्या रेन ट्रीच्या मुळांपाशी बसून त्यानं एकेका देठात टूथपिक खोचली आणि अळंब्या मातीत उभ्या केल्या. वरून वाळकी पानं भुरभुरली. दोन पावलं मागे जाऊन पाहिलं. अगदी उगवल्यासारख्या दिसत होत्या. एक जरा कलली होती, पण निसर्गातही कोणीतरी कलतंच. मग तो आंघोळीला गेला.

ऊन वर आल्यावर बापलेक आले. गेटवरच्या गार्डनं काकांना पाहून हसून हात हलवला आणि नाव न विचारताच आत सोडलं. पिकल्या केसांना इथे मान आहे, असं अमेयला वाटलं.

“बाबांचं काही कळत नाही,” निशिगंधा अमेयच्या कानाशी कुजबुजली. “पोहे झाल्यावर एकटेच कुठे गेले, सांगितलं नाही. रात्री हॉकर सेंटरच्या खाऊगल्लीत नेऊन साते खाऊ घातलं, काड्यांना टोचून भाजलेलं चिकन. शेंगदाण्याच्या चटणीत बुडवून बुडवून खाल्लं, पण तोंडातून शब्द नाही. आज तर मी उठायच्या आत फिरायला गेले होते.”

“चिडलेत का?”

“चिडले की बोलतात रे. हे गप्प आहेत.”

काकांनी रुमालात गुंडाळलेली भाजी चिरायची सुरी काढली. “आधीच सांगतो. अळंबी उपटायची नाही. देठ वरच्या वर कापायचा. खालचं जाळं जमिनीत राहिलं पाहिजे. हा नियम आहे.”

अमेयचा जीव भांड्यात पडला. इतका सोयीचा नियम त्यानं आजवर ऐकला नव्हता.

रेन ट्रीपाशी काका उकिडवे बसले. त्यांनी पानं बाजूला सारली. मग काकांनी एक अळंबी कापली, उलटी केली, काट्यांवरून बोट फिरवलं, ते काटे सहज झडले. त्यांनी वास घेतला.

“हेजहॉग,” ते जरा नवलानंच म्हणाले. “इथेसुद्धा?”

“हवाच तशी आहे, काका.”

काका उठले, गुडघे झटकले. “मग त्या चाफ्याखालीही बघू या. मला वाटतं, तिथे असणार.”

तिथे काही नाही, हे अमेयला पक्कं माहीत होतं. पण नाही कसं म्हणणार? तो त्यांच्या मागे गेला.

चाफ्याखाली अळंब्या होत्या. सरळ, ताठ, एका ओळीत.

म्हणजे बुओना व्हिस्टाची हवा खरंच तशी होती! अमेय खोटं बोललाच नव्हता! आनंदाच्या भरात तो नियमबियम विसरला, खाली वाकला आणि त्यानं एक अळंबी धरून ओढली.

ती अलगद वर आली. देठाखाली बांबूची लांबलचक काडी होती, आणि काडीला शेंगदाण्याची चटणी वाळून चिकटली होती.

काकांनी सुरी पुसून रुमालात गुंडाळली.

“कापायची म्हटलं होतं ना, जावईबापू.”