वरून आलेलं

करडीच्या तलावाच्या पाळीवर सारं गाव उन्हात उभं होतं आणि कावळा काही पिंडाला शिवत नव्हता.

दहावं होतं बाबुलालचं. आता हा बाबुलाल करडीतच काय, जगातच कधी नव्हता. तो एका मालिकेतला मासेमार, टीव्हीवर तलावात बुडून मेला. पण मालिका लिहिणारा लिलाधर करडीचा, बाबुलालची बोली करडीची. रोज जेवणाच्या वेळी घरात येणारा माणूस गेला, तर सुतक नको? ढिवरटोलीतल्या मासेमार बाप्यांनी डोकी भादरली, बायांनी भात रांधला.

मुंबईहून आलेला लिलाधर एसटीतून उतरला तो थेट या गर्दीत. त्याला हसू फुटणार, तोच त्याने आईला पाहिलं. सखाबाई पिंडासमोर बसून खरोखर रडत होती.

मेलेल्याची काही इच्छा अडली असेल, ती कबूल केल्याशिवाय कावळा यायचा नाही, असं म्हातारा जागेश्वर म्हणाला. कबूल करायचं कोणी? सगळ्यांनी लिलाधरकडे पाहिलं.

"मी नाही मारलं त्याले," लिलाधर म्हणाला. "चॅनलवाल्यांनी सांगतलं. वरून आलं का आमचं काही चालत नाही."

"वरून आल्यावर कोनाचंच चालत नाही, बाप्पा," जागेश्वरने त्याची समजूत घातली.

सखाबाईने डोळे पुसले. "जल्माले तूच घातलं न त्याले? मंग कबूल बी तूच कर."

लिलाधरने हात जोडले. तुझी डोंगी विकू देणार नाही, म्हणाला. कावळ्याने मान फिरवली. तुझ्या बायकोला कोणी छळणार नाही, म्हणाला. कावळा फांदीवर चोच घासत बसला.

काय अडलंय ते लिलाधरला पक्कं ठाऊक होतं. बाबुलालच्या पोरीला, नीतूला, नर्स व्हायचं होतं. आणि उद्याच्या शूटिंगमध्ये तिला ठेकेदाराच्या दारुड्या पोराशी बोहल्यावर चढवायचं, असं चॅनलने ठरवलं होतं. तो सीन आज संध्याकाळपर्यंत पाठवायचा होता. नाहीतर मालिका दुसऱ्या लेखकाला देऊ, असं त्याला बजावलं होतं.

त्याने डोळे मिटले.

"नीतूचं लगन नाही लावत, बाबुलाल. शिकवतो तिले."

पंख वाजले. डोळे उघडले तर कावळा पिंडावर. आणि तो एकटा नव्हता. चिंचेवरून, मोहावरून, पार जंगलाकडून कावळे येत होते. तलावाच्या पाण्यावर सावली पडली.

तेवढ्यात खिशातला फोन वाजला. मुंबईहून बोहल्याचा सीन मागत होते. लिलाधरने सांगितलं, बोहलं रद्द. तिकडचा आवाज चढला. कोणाला विचारून?

लिलाधरने मान वर केली. आभाळ काळंभोर फडफडत होतं.

"वरून आलंय," तो म्हणाला.